एका दिवसात मालवण दाखवताना

मालवण

चि. बाय,


तुझ्या सहलीचं वेळापत्रक मिळालं. पहाटे चारला कोल्हापूर सोडायचं, नऊला मालवण, मग सिंधुदुर्ग किल्ला, राजकोट, रॉक गार्डन, जय गणेश मंदिर, जेवण, तारकर्ली, देवबागचा संगम, पिंगुळीची चित्रकथी, सावंतवाडीचा राजवाडा, मोती तलाव आणि मध्यरात्रीच्या आत परत घरी. राजवाड्याला २० मिनिटं, पिंगुळीला २५. आमच्याकडे येणाऱ्या गाडीत माईकवर आपल्या घरातली मुलगी बोलणार, याचा किती आनंद झाला ते फोनवर सांगितलंच आहे. पण ती मिनिटं काही डोक्यातून जाईनात, म्हणून लिहायला बसले. तुझ्याबरोबर हे काम शिकणारी आणखी मुलंमुली आहेत ना, त्यांनाही हे पत्र वाचायला दे.

आधी एक सांगते. एका दिवसाच्या सहलीला नाक मुरडणारी माणसं मला आवडत नाहीत. ‘मालवण बघायचं तर चार दिवस काढून या’ असं म्हणायला काय जातं? इचलकरंजीत मागावर उभं राहणाऱ्या माणसाला आठवड्याची एक सुट्टी मिळते. कुणाच्या घरी अंथरुणाला खिळलेली सासू असते, कुणाला चौघांच्या खोलीचं भाडं परवडत नाही. अशी माणसं वर्षभर थोडे थोडे पैसे बाजूला टाकतात आणि तुझ्या गाडीत बसतात. त्यांच्यातल्या काहींनी समुद्रसुद्धा पाहिलेला नसतो. तो एक दिवस म्हणजेच त्यांचं मालवण. दुसऱ्यांदा यायला मिळेलच याची खात्री नाही. मग तो दिवस गाडीच्या खिडकीत बसून का जावा?

माझं म्हणणं एवढंच: दोनच जागा धर. सकाळी किल्ला, दुपारनंतर पिंगुळी. मधे जेवण आणि वाटेवरचं धामापूर. बाकी सगळं गाळ, अगदी निर्दयपणे गाळ. कार्यालयातली माणसं म्हणतील, दहा ठिकाणं लिहिली की जाहिरात भरगच्च दिसते. दिसते खरी. पण दहा ठिकाणी उतरायचं म्हणजे दहा वेळा चाळीस माणसं उतरणार आणि दहा वेळा चढणार. त्यात कुणाचे गुडघे दुखतात, कुणाचं पोर हरवतं, कुणी चहाला थांबतं. दिवसाचे दोन तास नुसते गाडीच्या दारात जातात. सावंतवाडी तर या दिवसात अजिबात कोंबू नकोस. राजवाड्यात गंजिफाचे पत्ते रंगवतात ते पाहायला, चितारआळीत लाखेच्या रंगाची लाकडी फळं आणि खेळणी पाहायला, निवांत दुपार हवी. दशावतारी गंजिफाचा डाव १२० पानांचा. दहा अवतार, प्रत्येकाची बारा गोल पानं, त्यात राजा, प्रधान आणि एक्क्यापासून दश्शीपर्यंत. त्यातलं एखादं पान हातात घेऊन मत्स्य कुठला आणि कूर्म कुठला हे ओळखायचं तरी वीस मिनिटं पुरत नाहीत. त्यासाठी आंबोलीवरून उतरणारी वेगळी सहल काढ. मी मदत करीन.

आता किल्ला. जेट्टीवर गाडी थांबली की लोक होडीकडे धावतात. तू त्यांना आधी मोरयाच्या धोंड्यापाशी ने. किनाऱ्यावरचा खडक आहे, त्यावर गणपती आणि चंद्रसूर्य कोरलेले आहेत. २५ नोव्हेंबर १६६४ या दिवशी शिवाजी महाराजांनी इथे पूजा करून किल्ल्याच्या कामाला हात घातला. समोर पाण्यात कुरटे बेट, म्हणजे आजचा किल्ला. तिथे उभं राहून माणसांना सांग की इतका सगळा किनारा सोडून हीच जागा का निवडली. उत्तरेला जंजिऱ्याचा सिद्दी, दक्षिणेला गोव्यात पोर्तुगीज, जवळच वेंगुर्ल्याला डचांची वखार, आणि इंग्रजांची गलबतं येऊन-जाऊन. जमिनीवर राज्य उभं राहत होतं, पण पाण्यावर हुकूम परक्यांचा चालायचा. कुरट्याभोवती पाण्याखाली खडक आहेत. त्यातून होडी कुठून काढायची ते इथल्या दर्यावर्दींनाच ठाऊक. परक्याचं मोठं जहाज जवळ आलं की तळ फुटलाच म्हणून समज. म्हणजे तट बांधायच्या आधीच त्या जागेला एक तट होता. हिरोजी इंदुलकरांच्या देखरेखीखाली काम चाललं आणि १६६७ मध्ये किल्ला उभा राहिला. समुद्रात, तीन वर्षांच्या आत. हे किनाऱ्यावरून बेटाकडे बघत ऐकलं की समजतं. किल्ल्यात शिरल्यावर ऐकलं तर नुसती माहिती होते.

होडीत बसलीस की माईक बंद कर आणि गप्प बस. होडी पुढे जाते तसा काळा तट मोठा होत जातो. कुठेही फट नाही, कमान नाही, पायऱ्या नाहीत. माणसं आपसांत विचारायला लागतात, ‘दरवाजा कुठाय?’ तट नागमोडी फिरवलाय आणि दोन बुरुजांच्या मधल्या वळणात दरवाजा असा बसवलाय की बाहेरून तो दिसत नाही. होडी लागते, आपण उतरतो, ओल्या दगडांवरून जपून चालतो, भिंत अगदी हाताला लागते, आणि मग वळणावर दरवाजा समोर येतो. शत्रूचं काय होत असेल ते त्या क्षणी पोराटोरांनाही कळतं. तू आधीच सांगून टाकलंस, तर त्यांच्या हातचं ते गेलं. चाळीस माणसांना मिळून तो दरवाजा शोधू दे. सापडला की थांबव त्यांना तिथेच आणि मागे वळून पाण्याकडे बघायला सांग. बुरुजांच्या मधून येणारी वाट किती अरुंद आहे ते आतूनच नीट कळतं.

आतली जागा ४८ एकर आहे आणि तट सुमारे तीन किलोमीटरचा. होडीवाले साधारण तासाभराने परत बोलावतात. तासाभरात सगळा किल्ला होत नाही, तेव्हा आधी फोन करून गटासाठी जास्त वेळ ठरवून घे. ती माणसं ऐकतात, फक्त ऐन वेळी हुज्जत घालू नये. आणि धावपळ करून सगळं दाखवायला जाऊ नकोस. शिवराजेश्वराचं देऊळ, एक विहीर, तटावरच्या घुमटीतले महाराजांच्या हाताचे आणि पायाचे ठसे, आणि पश्चिमेचा तट. पश्चिमेकडच्या तटावर जिन्याने चढव आणि पंधरा मिनिटं काही बोलू नकोस. तिथे लाटा थेट पायथ्याशी येऊन आपटतात. साडेतीनशे वर्षं त्या आपटतायत. तटाच्या पोटात शौचकूप बांधलेले आहेत, ते मुलांना जरूर दाखव. मुलं हसतात आणि मग स्वतःच विचारायला लागतात की इथे माणसं राहायची कशी, खायची काय, पाणी कुठून. तेव्हा त्यांना दूधविहीर, साखरविहीर, दहीविहीर यांतली एक दाखवायची. खाऱ्या समुद्रात, आणि पाणी गोडं.

देवळात तुला कोल्हापूरची म्हणून खास काम आहे. इथे महाराजांची मूर्ती आहे, दाढी नसलेली, डोक्याला कोळ्यांच्या टोपीसारखी टोपी. देऊळ राजाराम महाराजांनी १६९५ मध्ये बांधवलं असं सांगतात. ते तेव्हा कुठे होते? दूर तामिळ मुलखात, जिंजीच्या वेढ्यात. जुलै २०२५ मध्ये युनेस्कोने मराठा लष्करी वारशाचे बारा किल्ले जागतिक वारसा यादीत घेतले, त्यात अकरा महाराष्ट्रातले आणि बारावा तोच जिंजी. इथल्या देवळात उभं राहून जिंजीचं नाव घेतलंस, की नकाशा आपोआप उलगडतो. देवळापुढचा सभामंडप कोल्हापूरच्या शाहू महाराजांनी बांधून दिलेला आहे. राजाराम महाराजांनंतर किल्ला कोल्हापूरच्या छत्रपतींकडे होता. १७६५ साली इंग्रजांनी तो घेतला, त्याला ‘फोर्ट ऑगस्टस’ असं नाव देऊन मोकळे झाले, मग तो कोल्हापूरकरांना परत मिळाला आणि १८१२ च्या तहात मालवण कायमचं इंग्रजांकडे गेलं. तुझ्या गाडीतली माणसं आपल्याच छत्रपतींच्या किल्ल्यावर आलेली असतात, पण हे त्यांना कुणी सांगतच नाही. तू सांग. गाडीतला सूर तिथून बदलेल बघ.

किल्ल्यावर अजूनही काही कुटुंबं राहतात. त्यांच्या पडवीत डोकावून फोटो काढायचे नाहीत, हे होडीत बसायच्या आधीच सांगून ठेव. त्यांच्याकडून सरबत घ्यावं, दोन शब्द बोलावं.

एक गोष्ट मात्र कडकपणे पाळ. नोंद काय आणि ऐकीव काय, हे बोलताना वेगळं ठेव. पायाच्या चिऱ्यांत शिसं ओतलं, ताराराणी ‘राणीच्या वेळे’वर स्नानाला यायच्या, या गोष्टी सांगायला हरकत नाही. मलाही त्या आवडतात. पण ‘असं इथले लोक सांगतात’ हे चार शब्द पुढे लाव. तुझ्या माणसांत एखादा शिक्षक असतो, एखादी इतिहास वाचणारी मुलगी असते. त्यांना एक गोष्ट कानाला खोटी लागली की खऱ्या गोष्टींवरचाही विश्वास जातो. राजकोट किल्ल्याचा प्रश्न येईलच. ४ डिसेंबर २०२३ च्या नौदल दिनाला तिथे उभारलेला महाराजांचा पुतळा २६ ऑगस्ट २०२४ ला कोसळला आणि २०२५ मध्ये नवा उभा राहिला. जे घडलं ते तारखांसकट सांग आणि पुढे चल. गाडीत त्यावरून वाद पेटू दिलास तर दिवस त्यात जाईल.

जेवणाबद्दल जास्त लिहीत नाही. सोमवार, गुरुवार, शनिवार कोण पाळतं ते आदल्या दिवशी विचारून घे आणि खानावळीला आकडे कळव, म्हणजे चाळीस ताटं ताजी मिळतील. शाकाहारी माणसांना बटाट्याची भाजी वाढून गप्प बसवू नये. काळ्या वाटाण्याचं सांबारं आणि वडे हे पोटभर आणि अस्सल इथलं जेवण आहे. तिरफळ चावायचं नाही, बाजूला काढायचं, हे कोल्हापूरकरांना सांगायला विसरू नकोस.

आणि पैशाचं. सिंधुदुर्ग हा १९९७ साली पर्यटन जिल्हा जाहीर झाला, तेव्हापासून आम्ही गाड्या मोजतोय. राहणारा पाहुणा घरात खोली घेतो, सकाळचे घावणे खातो, रिक्षा करतो. एका दिवसाची गाडी मात्र नाश्ता डब्यातून आणते, पाण्याच्या बाटल्या कोल्हापुरातून भरून घेते आणि मागे कचरा ठेवून जाते. असं तुझ्या गाडीचं होऊ नये. नाश्ता इथे कर. खरेदीला हमरस्त्यावरच्या मोठ्या दुकानापुढे गाडी लावण्यापेक्षा बाजारात सोड अर्धा तास. खाजं, कोकमं, कुळथाची पिठी विकणाऱ्या बायका तिथे बसतात.

दुपारी गाडी चौक्यावरून धामापूरला आण. १५३० साली बांधलेला तलाव, काठावर भगवतीचं देऊळ, भोवती झाडी. जेवून सुस्तावलेल्या माणसांना इथे नुसतं बसू दे. काही समजावून सांगायचं असेल तर एवढंच, की पाचशे वर्षांपूर्वी गावांनी पाणी अडवलं आणि ते अजून शेतांना मिळतं. २०२० मध्ये सिंचनाचा जागतिक वारसा म्हणून या तलावाची नोंद झाली. मग काळसे, नेरूरपार, कुडाळ आणि पिंगुळी.

बाय, पिंगुळीला पंचवीस मिनिटं कुणी लिहिली असतील? तिथे काय आहे ते त्याला माहीत नसणार. ठाकर आदिवासी समाजाची माणसं तिथे पिढ्यान्‌पिढ्या चित्रकथी सांगतात, कळसूत्री बाहुल्या नाचवतात, चामड्याच्या बाहुल्यांचा सावल्यांचा खेळ करतात. सावंतवाडीच्या संस्थानाने या कलेला आसरा दिला. संस्थानं गेली, सिनेमा आला, टीव्ही आला, आणि देवळातला खेळ पाहायला माणूस उरेना. अशा वेळी परशुराम गंगावणे यांनी स्वतःच्या गोठ्यात ‘ठाकर आदिवासी कला आंगण’ उभं केलं, जुन्या पोथ्या आणि बाहुल्या तिथे जपल्या, मुलांना शिकवलं. २०२१ साली त्यांना पद्मश्री मिळाली. गोठ्यातल्या त्या जागेत दोन गोष्टी पाहायच्या: मांडून ठेवलेलं, आणि चालू असलेलं. मांडून ठेवलेलं पंचवीस मिनिटांत होईल. चालू असलेलं होणार नाही.

चित्रकथीची पोथी सुट्या पानांची असते, कापडात बांधलेली. एका पानाच्या दोन्ही बाजूंना चित्रं. कथा सांगणारा खाली बसतो, पान उभं धरतो, वाद्याची साथ सुरू होते आणि तो गातच कथा उलगडायला लागतो. चित्रातली माणसं कडेने रंगवलेली, डोळे मोठाले, रथ, धनुष्य, घोडे पानभर. सुरुवातीला नव्या माणसाला वाटतं की चित्र तर हलतच नाही, यात बघायचं काय. पाच-सहा पानं उलटेपर्यंत हे असंच चालतं. मग कधीतरी सांगणाऱ्याचा आवाज चढतो, बोट एका राक्षसाच्या चेहऱ्यावर टेकतं, आणि तेच पान हलायला लागतं. मी माझ्या शेजारी बसलेल्या लहान मुलाला त्या वेळी पुढे सरकताना पाहिलंय. आईचा हात सोडून तो पार पोथीपाशी गेला होता. सावल्यांच्या खेळाचंही तसंच. चामड्यावर बारीक बारीक भोकं पाडलेली असतात, मागे दिवा लावला की दागिने, मुकुट, डोळ्याची कड सगळं उजळतं. पण त्याआधी अंधार करावा लागतो, माणसांचं बोलणं थांबावं लागतं, डोळे सरावावे लागतात. यासाठी कमीत कमी दीड तास दे. मधे उठायचं नाही, हेही आधीच ठरवून घे.

बिदागी आधी विचार आणि सांगतील ती पूर्ण दे. ‘थोडंसं दहा मिनिटं करून दाखवा ना’ असं म्हणायला आलेल्या गाड्या मी पाहिल्यात. तसं म्हणू नकोस आणि कुणाला म्हणू देऊ नकोस. चित्र घ्यायचं असेल त्याने ते सांगतील त्या किमतीला घ्यावं. तिथे तू बोलू नकोस. ज्याची गोष्ट त्याने सांगावी. तू फक्त माणसं वेळेवर, पोट भरलेली आणि न कंटाळलेली अशी तिथे आणून बसवायची. माझ्या मते वाटाड्याचं निम्मं काम एवढंच असतं.

कुणीतरी विचारेलच, ‘दशावतार दाखवणार का?’ सरळ सांग, नाही. दशावतार रात्रीचा. कार्तिकात जत्रा सुरू झाल्या की गावोगाव देवळापुढे रंगतो, आधी गणपती, ऋद्धिसिद्धी, संकासुर, आणि मग आख्यान, ते पहाटेपर्यंत. नट स्वतःच आरशासमोर बसून तोंड रंगवतात, बायकांची सोंगं पुरुषच करतात, संवाद लिहिलेले नसतात, उभ्या जागी सुचतात. मोचेमाडकर, वालावलकर, पार्सेकर, खानोलकर अशी नावाजलेली मंडळं आहेत. तुझी गाडी तेव्हा फोंड्याच्या घाटात असणार. जेवणाच्या जागी एकाला मुकुट घालून दुपारी नाचवणं हा त्यावर उपाय नाही. तशी मागणी आली तर नाही म्हण. त्याऐवजी जत्रांच्या तारखा छापून गाडीत वाट. चाळीसांतली चार माणसं कधीतरी रात्र काढायला परत येतील, आणि ती येतील तेव्हा राहतीलही.

तारकर्लीसाठी लोक कुरकुरतील, ठाऊक आहे मला. किल्ल्यावरून परतल्यावर चिवल्याच्या किनाऱ्यावर अर्धा तास पाय भिजवू दे, जेवायच्या आधी. पोहणं, स्कुबा वगैरे नको. घड्याळ बघत समुद्रात उतरू नये, आणि चाळीस माणसांवर तुझे दोनच डोळे.

पहाटे घाट उतरताना माईक बंद ठेव, माणसांना झोपू दे. परतीच्या वाटेवरही काही सांगत बसू नकोस. तेव्हा ती आपसांत बोलतात, ते ऐक. काय लक्षात राहिलं आणि काय वाहून गेलं ते तुला तिथेच कळेल, आणि पुढच्या फेरीला तेवढं बदल.

पावसाळ्यात किल्ल्याची होडी बंद असते, त्यामुळे त्या महिन्यांच्या तारखा जाहिरातीतून आत्ताच काढ. सलग सुट्ट्यांचे दिवसही टाळ. तेव्हा जेट्टीवरच दोन तास उन्हात जातात. पहिल्या गाडीत माझ्या ताईला बसव. तिचं माहेर इथलं, पण पिंगुळीचा खेळ तिनेही अजून पाहिलेला नाही, आणि गाडीतल्या बायकांना ती सांभाळून घेईल. तारीख ठरली की लगेच कळव. होडीच्या माणसांशी मी बोलून ठेवते, आणि खानावळीलाही सांगते.

तुझी,
मावशी